जिथे मगरीब होतच नाही

नॉर्वे देशाच्या उत्तर भागात ट्रॉम्सो नावाचे एक शहर आहे. तिथे जून महिन्यात रात्री बारा वाजता खिडकीचा पडदा सरकवला तर खोलीत ऊन येते. रस्त्यावर माणसे फिरत असतात, कोणी अंगणातले गवत कापत असतो, कोणी बोट घेऊन मासेमारीला निघालेला असतो. सूर्य उत्तरेच्या बाजूला, क्षितिजाच्या जेमतेम तीन अंश वर टेकल्यासारखा दिसतो. आता बुडेल, मग बुडेल असे वाटत राहते. पण घड्याळात पाऊण वाजला की तो पुन्हा हळूहळू वर चढू लागतो. २० मे ते २२ जुलै या काळात या शहरात सूर्य मावळत नाही. आणि २७ नोव्हेंबरपासून १५ जानेवारीपर्यंत तो उगवत नाही.

या शहरात मुसलमान राहतात. तिथे मशीद आहे, रमजान येतो, ईद होते. मग सूर्य मावळतच नसेल तर मगरीबची अजान कधी द्यायची? रोजा कोणत्या क्षणी सोडायचा? वर्गात पृथ्वीच्या गतीचा धडा निघाला की दरवर्षी कोणीतरी हे विचारतेच. एका वर्षी एका मुलीने विचारले, "टीचर, मग तिथे रोजा दोन महिन्यांचा असतो का?" सगळा वर्ग हसला. पण प्रश्न हसण्यावारी नेण्यासारखा मुळीच नाही. अकराशे वर्षांपूर्वी बगदादहून निघालेला एक प्रवासी याच प्रश्नापाशी थबकला होता, आणि हनफी फिक्हच्या मोठमोठ्या आलिमांनी त्यावर वाद घातलेला आहे. तिथे पोहोचण्याआधी भूगोल नीट पाहून घेऊ.

ट्रॉम्सो ६९ अंश ३९ मिनिटे उत्तर अक्षांशावर आहे. आर्क्टिक वृत्त त्याच्या सुमारे साडेतीनशे किलोमीटर दक्षिणेला राहते. शहराचा मुख्य भाग एका बेटावर वसलेला आहे. १९६० साली बांधलेला कमानदार उंच पूल बेटाला मुख्य भूमीशी जोडतो. पुलापलीकडे डोंगर आहे आणि त्यावर रोपवेने ४२१ मीटर उंचीपर्यंत जाता येते. वस्ती पाऊण लाखाच्या वर. विद्यापीठ आहे, मोठे रुग्णालय आहे, विमानतळ आहे. नकाशात याच अक्षांशावरून बोट फिरवत गेले तर सैबेरिया लागतो आणि बर्फाने झाकलेले ग्रीनलँड लागते. तरीही ट्रॉम्सोचे बंदर हिवाळ्यात गोठत नाही. अटलांटिक महासागरातून वर येणारा उबदार पाण्याचा प्रवाह नॉर्वेच्या किनाऱ्याला घासून जातो, त्याची ही करामत. जानेवारीचे सरासरी तापमान तिथे उणे चारच्या आसपास असते. आपल्या लडाखमधले द्रास हिवाळ्यात याहून कितीतरी जास्त गारठते. मुले थंडी आणि अंधार एकच समजतात. त्या दोन गोष्टी वेगळ्या आहेत, हे सांगायला ट्रॉम्सोइतके चांगले उदाहरण नाही. समुद्र उघडा राहतो म्हणून मासळी, मासळी आहे म्हणून माणूस. तिथून थोडे दक्षिणेला लोफोटेन बेटांवर फेब्रुवारी ते मे या महिन्यांत कॉड मासा लाकडी मांडवांवर टांगून वाळवतात, मीठसुद्धा लावत नाहीत. बोंबील वाळताना पाहिलेल्या आपल्या कोकणातल्या माणसाला ते मांडव परके वाटणार नाहीत. फक्त इथे ऊन वाळवते, तिथे गार वारा.

आता सूर्य असा का वागतो ते पाहू. वर्गात मी एक मोसंबे घेते, त्यात विणायची सुई आरपार खुपसते आणि सुई किंचित तिरकी धरून मोसंबे टॉर्चभोवती फिरवते. पृथ्वीचा आस असाच साडेतेवीस अंशांनी कललेला आहे आणि वर्षभर तो कल एकाच दिशेला राहतो. त्यामुळे जूनमध्ये उत्तर टोक सूर्याकडे झुकलेले असते, डिसेंबरमध्ये सूर्यापासून दूर. मुंबईत याचा परिणाम फारसा जाणवत नाही. आपला सर्वांत मोठा दिवस सव्वातेरा तासांचा, सर्वांत लहान अकराच्या आसपास. उत्तरेकडे सरकावे तसा हा फरक वाढत जातो. दिल्लीत मोठा दिवस चौदा तासांचा, लंडनमध्ये साडेसोळा, नॉर्वेची राजधानी ओस्लो इथे जवळजवळ एकोणीस. साडेसहासष्ट अंशांवर आर्क्टिक वृत्त आले की २१ जूनला सूर्य मावळायचेच विसरतो. त्याच्या वर जावे तसे हे दिवस वाढत जातात.

"ध्रुवावर सहा महिने दिवस आणि सहा महिने रात्र" हे वाक्य आपण सगळ्यांनी पाठ केले आहे. ते अगदी ध्रुवबिंदूलाच लागू पडते, आणि तिथे कोणी घर करून राहत नाही. तिथेही हिशेब नेमका अर्धा-अर्धा नाही. जुलैच्या सुमारास पृथ्वी सूर्यापासून जास्त अंतरावर असते आणि सावकाश चालते, म्हणून उत्तर ध्रुवावरचा दिवस सहा महिन्यांहून काही दिवस मोठाच भरतो. शिवाय हवेमुळे प्रकाश वाकतो आणि क्षितिजाखाली गेलेला सूर्यही थोडा वेळ दिसत राहतो. माणसे राहतात ती ध्रुवापासून खाली. तिथे दोन महिने सूर्य मावळत नाही, दीड-दोन महिने उगवत नाही, आणि मधल्या काळात दिवस इतक्या वेगाने लांबतात-आखडतात की आठवड्याभरात तासाचा फरक पडतो.

पाठ्यपुस्तकात ज्याला फारशी जागा मिळत नाही तो संधिप्रकाश. सूर्य बुडाला म्हणजे लगेच रात्र झाली, असे नसते. आपण मगरीब आणि इशा यांच्यात जे अंतर ठेवतो ते याच संधिप्रकाशाचे. आपल्याकडच्या बहुतेक वेळापत्रकांत सूर्य क्षितिजाखाली १८ अंश गेला की इशाची वेळ धरतात आणि पहाटे तो तितक्याच खोलीवरून वर येऊ लागला की फजरची. मुंबईत सूर्य जवळजवळ सरळ खाली उतरतो, म्हणून सव्वा तासात हे अंतर संपते. उत्तरेकडे सूर्य तिरका, क्षितिजाला घासत जातो. १८ अंश खोल जायला त्याला फार वेळ लागतो, आणि उन्हाळ्यात कित्येक ठिकाणी तो तितका खोल जातच नाही.

इथे एक साधी वजाबाकी करून पाहा. ९० मधून आसाचा कल साडेतेवीस वजा करा, मग संधिप्रकाशाचे १८ वजा करा. उरले साडेअठ्ठेचाळीस. याचा अर्थ असा की साडेअठ्ठेचाळीस अंशांच्या उत्तरेला जूनच्या अखेरीस संपूर्ण काळोख होत नाही. एकीकडे संध्याकाळची लाली विझण्याआधीच दुसरीकडे पहाटेची उजाडू लागते. म्हणजे इशाची अडचण आर्क्टिकमध्ये सुरू होत नाही, ती पॅरिसच्या आसपासच सुरू होते. लंडनमध्ये मेच्या शेवटच्या आठवड्यापासून जुलैच्या तिसऱ्या आठवड्यापर्यंत खुणेने इशा होत नाही. ज्यांची मुले-मुली इंग्लंडमध्ये आहेत त्यांनी तिथल्या दोन मशिदींची दोन वेळापत्रके पाहिली असतील आणि 'हे लोक एक का होत नाहीत' म्हणून कपाळाला हात लावला असेल. त्यामागे हे गणित आहे. ट्रॉम्सोत तर मार्चच्या अखेरीपासून सप्टेंबरच्या मध्यापर्यंत सूर्य १८ अंश खाली जात नाही.

आता ट्रॉम्सोच्या आकाशात पाच नमाजांच्या खुणा शोधू. उन्हाळ्यात सूर्य मावळत नसला तरी तो एका जागी थांबलेला नसतो. तो आकाशात तिरके वर्तुळ काढत राहतो. दक्षिणेला आला की सर्वांत उंच, चव्वेचाळीस अंशांच्या आसपास. उत्तरेला गेला की सर्वांत खाली. म्हणजे दुपार कळते, सावली लांबताना दिसते, जुहर आणि असर सापडतात. हरवतात त्या मगरीब, इशा आणि फजर. हिवाळ्यात उलटे. डिसेंबरच्या दुपारी सूर्य क्षितिजाच्या तीनच अंश खाली असतो, त्यामुळे अकरा ते एकच्या सुमारास दक्षिणेकडे फिकट गुलाबी उजेड येतो आणि बर्फावर निळी झाक पसरते. त्या उजेडात रस्त्यावरून चालता येते. आणि मध्यरात्री सूर्य इतका खोल असतो की खरा काळोख होतो. म्हणजे हिवाळ्यात पहाट फुटते, फजरची खूण मिळते; लाली विझते, इशाची खूणही मिळते. पण सूर्यच वर येत नाही म्हणून सावली नाही, असरचे माप नाही, आणि मगरीब नाही. दोन्ही ऋतूंत हरवते ती मगरीब. नेमका रोजा सोडण्याचा क्षण.

इथे बगदादच्या त्या प्रवाशाकडे वळू. त्याचे नाव अहमद इब्न फजलान. व्होल्गा नदीच्या काठी बुल्गार लोकांचे राज्य होते. तिथल्या राजाने खलिफा मुक्तदिरकडे दीन शिकवणारी माणसे आणि मशीद व किल्ला बांधण्यासाठी मदत मागितली होती. इब्न फजलान जून ९२१ मध्ये निघाला, बुखारा-ख्वारिज्म असा वळसा घेत, वाटेत हाडे गोठवणारा हिवाळा काढून मे ९२२ मध्ये पोहोचला. ते ठिकाण आजच्या रशियात कझान शहराच्या दक्षिणेला, साधारण ५५ अंशांवर येते. ५५ म्हणजे आपल्या साडेअठ्ठेचाळीसच्या वर. ही वजाबाकी त्याला ठाऊक असण्याचे कारण नव्हते. त्याने डोळ्यांनी जे पाहिले ते लिहून ठेवले.

तो लिहितो की एका संध्याकाळी राजाचा शिंपी, जो मूळचा बगदादचा होता, त्याच्याशी तंबूत गप्पा मारत तो इशाच्या अजानची वाट पाहत बसला होता. थोड्या वेळाने अजान झाली. बाहेर येऊन पाहतो तर उजाडलेले. त्याने मुअज्जिनला विचारले, ही कोणती अजान? उत्तर आले, फजरची. आणि इशा? ती आम्ही मगरीबबरोबरच पढतो. मग रात्र? रात्र ही एवढीच, याहूनही लहान होती, आता ती वाढू लागली आहे. त्या बिचाऱ्या मुअज्जिनने हेही सांगितले की फजर चुकेल या भीतीने तो महिनाभर रात्रीचा झोपलेला नाही. इब्न फजलान आणखी एक गोष्ट नोंदवतो, जी प्रत्येक गृहिणीला लगेच कळेल: मगरीबच्या वेळी चुलीवर भांडे चढवावे आणि ते शिजून तयार होण्याआधी फजरची नमाज व्हावी.

तिथल्या पहिल्या रात्री त्याने आकाश लाल झालेले पाहिले, त्यात घोडे आणि हत्यारबंद माणसे एकमेकांवर तुटून पडल्यासारखी दिसली, आवाजही ऐकू आले. तो आणि त्याचे सोबती घाबरून दुआ करू लागले. गावकरी त्यांना हसले. राजाने सांगितले की वाडवडिलांच्या मते ही जिन्नांची लढाई, ईमानवाले आणि काफिर अशा दोन तुकड्यांची. आज आपण त्याला ध्रुवीय प्रकाश म्हणतो. सूर्याकडून येणारे विद्युतभारित कण पृथ्वीच्या चुंबकीय क्षेत्रात अडकून ध्रुवांकडे वळतात आणि वरच्या हवेवर आदळून तिला उजळवतात. ट्रॉम्सोत हिवाळ्यात जगभरचे पर्यटक तेच पाहायला येतात.

चार शतकांनंतर इब्न बतूतानेही बुल्गारची हकिकत लिहिली. हा तोच इब्न बतूता, जो दिल्लीत काजी होता आणि आपल्या दौलताबादलाही येऊन गेला. तो म्हणतो की रमजानात मगरीबनंतर इफ्तार केला, मग इशा, तरावीह आणि वित्र पढून होतात न होतात तोच पहाट फुटली. तो खरोखर तिथे पोहोचला होता का, याबद्दल इतिहासकारांना शंका आहे. पण त्याने ऐकलेले असो वा पाहिलेले, रात्रीचे वर्णन खरे आहे. बुल्गारच्याही पलीकडे चाळीस दिवसांच्या वाटेवर अंधाराचा मुलूख आहे, असे तो सांगतो. कुत्र्यांनी ओढलेल्या गाड्यांतून व्यापारी तिथे जातात, माल ठेवून मागे सरकतात आणि दुसऱ्या दिवशी त्या मालाशेजारी मौल्यवान कातडी ठेवलेली सापडतात. सौदा पटला तर कातडी उचलायची, नाही तर तशीच ठेवायची. समोरचा आणखी भर घालतो. घेणारा-देणारा एकमेकांना पाहत नाहीत. इब्न बतूता स्वतः तिकडे गेला नाही, खर्च फार आणि फायदा थोडा म्हणून. मोठा व्यवहारी माणूस!

बुल्गारच्या या रात्रींनी फिक्हच्या ग्रंथांत एक कायमचा प्रश्न सोडला. इशाची वेळच येत नसेल तर इशा फर्ज होते का? ग्रंथांत असा किस्सा नोंदवलेला आहे की इमाम हलवानी यांचे मत होते, नमाज कजा म्हणून पढावी. ख्वारिज्मचे आलिम बक्काली यांचे मत होते, जी वेळच आली नाही तिची नमाज लागू होत नाही. हलवानींनी एका माणसाला पाठवून बक्कालींना भर मशिदीत विचारायला लावले, की पाचपैकी एक नमाज जो कमी करतो त्याला तुम्ही काय म्हणाल? बक्काली डाव ओळखून होते. त्यांनी उलट विचारले, ज्याचे दोन्ही हात कोपरापासून गेले आहेत त्याला वुजूचे फर्ज किती? तो म्हणाला, तीन, कारण चौथ्याची जागाच राहिली नाही. बक्काली म्हणाले, मग नमाजचेही तसेच. हे उत्तर हलवानींपर्यंत पोहोचले तेव्हा त्यांनी त्याची वाहवा केली आणि ते मान्य केले. दुसऱ्या बाजूची दलील इतकी खुल्या मनाने स्वीकारणारे विद्वान आज आपल्या सभांमध्ये किती सापडतील!

पण वाद तिथे थांबला नाही. पंधराव्या शतकात इब्नुल हुमाम यांनी बक्कालींच्या उदाहरणातली फट दाखवली. हात हा वुजूचे स्थान आहे. वेळ ही नमाजची खूण आहे. खूण दिसली नाही म्हणून हुकूम नाहीसा होत नाही. आधार म्हणून त्यांनी सहीह मुस्लिममधली दज्जालविषयीची हदीस पुढे केली. प्रेषित मुहम्मद (स.) यांनी सांगितले होते की त्या काळी एक दिवस वर्षाएवढा, एक महिन्याएवढा आणि एक आठवड्याएवढा असेल. सहाबांनी विचारले, त्या वर्षाएवढ्या दिवसात एका दिवसाच्या नमाजा पुरतील का? उत्तर मिळाले की नाही, त्याचा अंदाजाने हिशेब करा. मला या हदीसमध्ये सर्वांत जास्त काय भावते, तर सहाबांचा प्रश्न. वर्षाएवढा दिवस म्हटल्यावर कोणी घाबरेल, कोणी नवल करेल. त्यांच्या मनात पहिला विचार आला तो रोजच्या नमाजचा.

आज बहुतेक आलिम अंदाजाच्या या तत्त्वावरच चालतात. मतभेद आहे तो अंदाज कशाचा घ्यावा यावर. मक्केतील राबिता आलमे इस्लामीच्या फिक्ह परिषदेने १९८० च्या दशकात अक्षांशांप्रमाणे विभाग पाडले. ४८ ते ६६ अंशांमध्ये सूर्य उगवतो-मावळतो, फक्त संधिप्रकाशाची खूण हरवते. तिथे रोजा सूर्याप्रमाणेच, लांब असला तरी. ६६ च्या वर ४५ अंशांवरच्या वेळांच्या प्रमाणात हिशेब करावा. ४८ आणि ६६ हे आकडे कुठून आले हे आता आपल्याला ठाऊक आहे. आपली मघाचीच वजाबाकी. दुसरे मत असे की सर्वांत जवळच्या, जिथे दिवस-रात्र वेगळे होतात अशा शहराची वेळ घ्यावी. तिसरे मत मक्केची वेळ घेण्याचे.

ट्रॉम्सोच्या अलनूर मशिदीने उन्हाळ्यातल्या रमजानसाठी तिसरा मार्ग धरला. तिथले बरेच मुसलमान सोमालियातून निर्वासित म्हणून आलेले, म्हणजे बारा तासांचा दिवस आणि बारा तासांची रात्र अशा विषुववृत्ताजवळच्या मुलखातून थेट इथे. मक्केत सहेरी पहाटे चारच्या पुढे संपत असेल तर ट्रॉम्सोच्या घड्याळातही तेव्हाच संपवायची. मक्केत संध्याकाळी सातनंतर इफ्तार होत असेल तर इथेही सातनंतर. बाहेर ऊन तसेच. पंधरा तासांचा रोजा झाला. ओस्लोची वेळ धरली असती तर तो वीस तासांवर गेला असता, कारण तिथे जूनमध्ये सूर्य रात्री पावणेअकराच्या सुमारास मावळतो. २०१३ ते २०१६ ही वर्षे या लोकांसाठी खरी कसोटीची होती. रमजान जून-जुलैत होता. उन्हात बसून खजूर तोंडात घालताना मन कसे तयार करत असतील! पडदे ओढून घेणे हा एक उपाय. तिथल्या घरांत जाड काळे पडदे असतातच, नाही तर मुले झोपत नाहीत.

माझे मामू मालवाहू जहाजावर फिटर होते. कोकणातल्या आपल्या कित्येक घरांत असा एखादा जहाजी सापडतो. एका जूनमध्ये त्यांचे जहाज नॉर्वेच्या नार्विक बंदरात लागले होते. नार्विक ट्रॉम्सोच्या थोडे दक्षिणेला, पण आर्क्टिक वृत्ताच्या वरच. स्वीडनमधल्या किरुनाच्या खाणीतले लोखंडाचे खनिज रेल्वेने तिथे येते आणि जहाजांत भरले जाते. मामूंबरोबर आणखी दोघे नमाजी खलाशी होते, एक बांगलादेशी, एक इंडोनेशियन. रमजान नव्हता, प्रश्न मगरीब-इशाचाच. एक जण म्हणाला मक्केची वेळ, दुसरा म्हणाला घरची. शेवटी ठरले की सूर्य मावळताना ज्या बंदरात शेवटचा पाहिला त्या रॉटरडॅमची वेळ धरायची, म्हणजे रात्री दहा. मामू सांगत की केबिनच्या गोल खिडकीला पुठ्ठा चिकटवला तेव्हा कुठे मगरीब वाटली. त्या तिघांपैकी कोणी फिक्हचे ग्रंथ वाचले नव्हते, तरी ते सर्वांत जवळच्या शहराच्या मताशी येऊन पोहोचले.

माझे स्वतःचे मत विचाराल तर, कोणते मत घ्यावे हे आलिमांनी सांगावे. पण एका गावात एकच वेळापत्रक असावे. एकाच इमारतीत वरच्या मजल्यावर इफ्तार चालू आहे आणि खालच्या मजल्यावर अजून दोन तास बाकी, हे मुलांना समजावणे कोणत्याही आईला कठीण जाते.

अशा ठिकाणी मशीद उभी करणे हेही सोपे नसते. कॅनडाच्या उत्तरेला ६८ अंशांवर इनुविक नावाचे छोटे गाव आहे. तिथे बांधकामाचे साहित्य आणि मजुरी परवडत नव्हती, म्हणून २०१० मध्ये अख्खी मशीद चार हजारांहून अधिक किलोमीटर दक्षिणेला विनिपेगमध्ये बांधली गेली. ती ट्रकवर लादून आणि पुढे मॅकेंझी नदीतून तराफ्यावर तिथे नेली. वाटेत एका ओढ्याच्या पुलावर ती कलंडता कलंडता वाचली. नदी गोठण्याआधीचा शेवटचा तराफा कसाबसा गाठला. मिनार गावातल्याच माणसांनी बांधला. रशियातल्या नोरिल्स्क या निकेलच्या खाणींच्या शहरात १९९८ मध्ये मशीद झाली, तीही ६९ अंशांच्या वर.

दक्षिण ध्रुवाकडचे चित्र हेच, फक्त महिने उलटे. तिथे गावे नाहीत, संशोधन केंद्रे आहेत, आणि आपला त्याच्याशी जवळचा संबंध आहे. भारताची पहिली अंटार्क्टिका मोहीम ६ डिसेंबर १९८१ रोजी गोव्याहून निघाली आणि ९ जानेवारी १९८२ रोजी बर्फावर उतरली. तिचे नेते होते डॉ. सय्यद जहूर कासिम. जन्म अलाहाबादचा, शिक्षण अलिगढला आणि पुढे वेल्समध्ये, समुद्रजीवशास्त्राचे नामवंत अभ्यासक, गोव्याच्या राष्ट्रीय समुद्रविज्ञान संस्थेचे संचालक आणि नंतर जामिया मिल्लियाचे कुलगुरू. आपल्या मुलांना त्यांचे नाव माहीत नसते याचे मला दरवर्षी वाईट वाटते. आज तिथे मैत्री आणि भारती ही दोन भारतीय केंद्रे आहेत, दोन्ही ७० अंशांच्या आसपास, आणि त्यांचा कारभार पाहणारी संस्था गोव्यात वास्कोला आहे. मैत्रीवर हिवाळ्यात थांबणाऱ्यांना मेच्या उत्तरार्धापासून जुलैच्या उत्तरार्धापर्यंत सूर्य दिसत नाही. आपण इथे पावसाची वाट पाहत असतो, तेव्हा ते उजेडाची.

परत ट्रॉम्सोला येऊ. चांद्रवर्ष दरवर्षी सुमारे अकरा दिवस पुढे सरकते, त्यामुळे उन्हाळ्यातला रमजान आता हिवाळ्याकडे चालला आहे. २०३० साली तो एकाच इंग्रजी वर्षात दोनदा येईल, जानेवारीच्या पहिल्या आठवड्यात आणि डिसेंबरच्या अखेरीस. ट्रॉम्सोत गणिताने सूर्य १५ जानेवारीला परत येतो, पण शहराभोवतीचे डोंगर त्याला अडवतात, म्हणून लोक २१ जानेवारीला सूर्याचा दिवस साजरा करतात. शाळांमधून, बेकऱ्यांमधून त्या दिवशी जॅम भरलेले, साखर लावलेले गोल पाव वाटले जातात. २०३० मध्ये तो दिवस सोळाव्या-सतराव्या रोजाला येईल. त्या दिवशी पहाट सहाच्या सुमारास फुटेल आणि सूर्य दुपारी सव्वा ते दीडच्या दरम्यान मावळेल. त्या रमजानातली डोळ्यांना दिसणारी पहिलीच मगरीब असेल ती. मक्केत इफ्तार सहानंतर. तिथल्या इमामसाहेबांकडे त्या दुपारी मुले आपापला पाव हातात घेऊन उभी राहतील.